मचव्याखालचं गाणं

किल्वा किविंजेच्या बाजारात मी पोचले तेव्हा माझे पाहुणे तळलेल्या माशांच्या परातीभोवती कोंडाळं करून उभे होते. लांबून बघणाऱ्याला भांडण वाटलं असतं. डोंगरातली माणसं बोलतातच तशी, या टेकडीवरून त्या टेकडीवर ऐकू जावं म्हणून.

"हा मासा?" एक ठेंगणी, रुंद हाडाची म्हातारी मासेवालीला विचारत होती. "आमच्या सरोवरातल्या माशाचं लेकरू दिसतंय हे."

"मग सरोवराकाठीच जेवायचं होतंस, बिबी," मासेवाली म्हणाली. "इथवर येऊन हाडं कशाला खिळखिळी करून घेतलीस?"

"म्हटलं बघावं, तुमच्याकडे निदान मीठ तरी आहे का."

"समुद्रभर आहे. ने पोतं भरून."

सगळे खदखदून हसले, आणि म्हातारीने कागद भरून मासे घेतलेच.

ही म्बिंगाच्या कॉफीच्या मुलखातली, एका चर्चमधली गाणारी मंडळी. लिंडीला सगळ्या चर्चमधल्या गाणाऱ्यांचा मेळा झाला होता. तो आटोपून घरी परतण्याआधी एक दिवस हातात होता. त्यांच्या लोंगिनो मास्तरांनी मला फोन केला, सोमोए, एका दिवसात काय काय दाखवाल म्हणून. मी सांगितलं, सकाळी किविंजे गाव, मग मासोकोच्या धक्क्यावरून मचव्याने किसिवानी बेट, तिथून सोंगो म्नारा बेट, सूर्य बुडायच्या आत परत. हे मी इतक्या वेळा दाखवलंय की तोंड आपोआप चालतं. सुलतान, सोनं, चीनच्या बश्या, पोर्तुगीज. तोंड बोलत असतं आणि मनात चाललेलं असतं की संध्याकाळी आमटीत काय टाकायचं.

म्हातारीच्या मागे तिचा नवरा उभा होता. उंच, वाळलेला, इस्त्रीचा कोट, हातात टोपी. सगळे हसले तेव्हा तो हसला नव्हता. मी रिवाजाप्रमाणे वाकून म्हटलं, "शिकामू, म्झे." वडीलधाऱ्याला, म्हणजे म्झेला, असं म्हटलं की त्याने "मराहाबा" म्हणायचं असतं. त्याने नुसतं माझ्याकडे पाहिलं.

"यांना ऐकू येत नाही, पोरी," म्हातारी म्हणाली. "हात धर त्यांचा. हाताला उत्तर देतात."

मी हात धरला. म्हातारा एकदम उजळला आणि म्हणाला, "मराहाबा." इतकं हळू की मला पुढे झुकावं लागलं. ठार बहिरी माणसं मोठ्याने बोलतात असा माझा अनुभव. हा तर कानगोष्ट केल्यासारखा बोलत होता.

त्यांचं नाव ओस्मुंड कापिंगा. बायकोचं स्कोलास्टिका, पण सगळे बिबी म्हणत, आमच्याकडे आजीला म्हणतात तसं. ती त्यांना "कांदिदुसचे बाबा" म्हणायची, आणि तेही त्यांच्या कानात, हातांचा कर्णा करून, अख्खा बाजार वळून बघेल अशा आवाजात.

किविंजेत मी त्यांना जुने दरवाजे दाखवले, नक्षी झिजलेले, काहींच्या मागे घर उरलेलं नाही असे. मग किनाऱ्याकडे उतरणारी गल्ली. तिथे मी थोडं बोलते आणि पुढे जाते, कारण बोलण्यासारखं खूप आहे आणि लोक सहलीला आलेले असतात. पण बिबी स्कोलास्टिका थांबली.

"साखळ्यांतले गुलाम याच गल्लीने आणत?"

"याच," मी म्हटलं.

"आमच्याच सरोवराकडून निघायचा तो रस्ता. आजी म्हणायची, रडलीस तर किल्वाला पाठवीन. किल्वाला गेलेलं कुणी परत येत नाही." ती पाण्याकडे बघत राहिली. "बघ, मी आले. आणि उद्या परत जाणार. वर गेल्यावर आजीला एवढं सांगेन."

दोघीतिघींनी चपला काढल्या आणि पाण्यात पाय बुडवून उभ्या राहिल्या. मी घाई केली नाही.

मासोकोच्या धक्क्यावर नाखवा किब्वाना मचवा घेऊन तयार होता. लाकडी, रुंद पोटाचा, वर डोलकाठी आणि गुंडाळलेलं शीड, मागे डिझेलचं इंजिन. माझ्या बापाच्या वेळचा माणूस. समुद्रावर बोलायचं झालं तर तीनच शब्द वापरणारा: बसा, धरा, उतरा. डोंगरातली मंडळी नारिंगी लाईफ जॅकेटं घालून आंब्याच्या टोपलीसारखी दाटीवाटीने बसली. किसिवानीपर्यंतचं पाणी शांत असतं, खाडीसारखं. ते गात गात पार झाले. म्झे ओस्मुंड पुढच्या टोकाला, नाळेजवळ बसले होते, पाठमोरे.

किसिवानीच्या मोठ्या मशिदीत मी त्यांना नेलं. प्रवाळाच्या दगडाचे खांब, वर एकामागून एक घुमट. उन्हातून आत शिरलं की डोळे निवतात. मी आधीच बजावलं होतं, "पडकी असली तरी मशीद आहे. इथे गाणं नको." सगळ्यांनी शहाण्या मुलांसारख्या माना हलवल्या. पण गाणाऱ्या माणसाला घुमटाखाली उभं केलं तर तो काय करणार? लोंगिनो मास्तरांनी ओठ मिटूनच एक सूर धरला, अगदी हलका, खाकरल्यासारखा. घुमटाने तो उचलला. सगळ्यांची तोंडं एकदम वर गेली. एका बाईने तर हातच पसरले, वरून काही पडत असावं तसे.

म्झे ओस्मुंड मधोमध उभे होते. त्यांनी वर पाहिलं नाही. त्यांनी एकेकाच्या चेहऱ्याकडे पाहिलं. मग टोपी डोक्यावर घातली आणि चुपचाप बाहेर उन्हात जाऊन गोरखचिंचेच्या बुंध्याशी बसले.

बिबी स्कोलास्टिका माझ्या शेजारीच होती. "बास गायचे ते," ती म्हणाली. "सगळ्यात खालचा सूर. लोंगिनो मास्तर आहे ना, तो यांच्या हाताखाली शिकला. हे गायला लागले की पुढच्या बाकावरच्या बायकांच्या पोटात कंप व्हायचा. माझं लग्न त्यातूनच झालं, खोटं कशाला बोलू."

"मग?"

"मग कान हळूहळू बंद झाले. आधी पाखरं गेली, मग नातवंडं, मग मी. तरी गात होते, अंदाजाने. एका ईस्टरला गाणं संपलं, सगळे थांबले, आणि हे एकटेच गात राहिले. डोळे मिटलेले. भरल्या चर्चमध्ये. कुणीतरी पोर हसलं. यांनी डोळे उघडले." तिने अंगावर गुंडाळलेल्या कांगाच्या टोकाने तोंड पुसलं. "त्या दिवसापासून चर्चमध्ये पाऊल नाही. आत्ताही ओढत आणलंय मी. म्हटलं गाऊ नका, पण समुद्र तरी बघायला कान लागत नाहीत."

पुढचा बेत सोंगो म्नाराचा. तिवरांमधून आतल्या बाजूने जाणारी वाट सोपी, पण ओहोटी लागली होती आणि त्या वाटेत मचव्याचा तळ चिखलाला लागला असता. किब्वानाने आकाश पाहिलं, पाणी पाहिलं आणि म्हणाला, "बाहेरून." म्हणजे प्रवाळाच्या रांगेपलीकडून, उघड्या समुद्रातून.

पलीकडे गेलो की पाण्याचा रंग एकदम बदलतो. हिरवा संपतो आणि शाईसारखा निळा सुरू होतो. मोठ्या, संथ लाटा मचव्याला खांद्यावर घेऊन हळूच खाली ठेवायला लागल्या. डोंगरातली मंडळी गप्प झाली. मग एकेकाचा चेहरा पिवळा पडू लागला.

"आमच्या सरोवरातही लाटा असतात," बिबी स्कोलास्टिका दात आवळून म्हणाली, "पण त्यांना घरी जायची घाई असते. या तर पाहुण्यासारख्या रेंगाळतायत."

म्झे ओस्मुंडना जास्तच मळमळू लागलं. आम्ही त्यांना मचव्याच्या पोटात, सावलीला आडवं केलं. डोकं टेकायला काही नव्हतं, तळाच्या फळीवरच टेकलं. बायकोने कोट काढून त्यांच्या अंगावर पसरला.

तेवढ्यात इंजिन खोकलं, एकदा, दोनदा, आणि बंद पडलं.

"डिझेलच्या नळीत कचरा," किब्वाना म्हणाला आणि पाना घेऊन वाकला. त्याच्याकडून आलेलं त्या दिवसातलं तोवरचं सगळ्यात लांब वाक्य होतं ते. बोलायला सवड आहे, म्हणजे काळजीचं कारण नव्हतं.

इंजिन थांबल्यावर जी शांतता पडते ती मी विसरून गेले होते. फळ्यांना पाणी चाटत होतं, दोर कुरकुरत होते. कुणीतरी ओकत होतं, कुणीतरी त्याची पाठ चोळत होतं.

"कोण गातंय?"

म्झे ओस्मुंड बोलले होते. पडल्या पडल्या, डोळे उघडून.

सगळ्यांनी एकमेकांकडे पाहिलं. गाण्याच्या स्थितीत कुणीच नव्हतं.

"कोणी नाही हो!" बिबी त्यांच्या कानात ओरडली. "पडून राहा!"

त्यांनी तिला हाताने बाजूला केलं, जशी माशी वारावी. "गप्प बस. बासचा सूर आहे. कुणाचा आवाज आहे हा? आपल्यातला नाही."

बिबीच्या डोळ्यांत पाणी आलं. लोंगिनो मास्तर माझ्या कानाशी लागले, "ऊन लागलं असेल. परत फिरायचं का?" मलाही तेच वाटलं. मी पाण्याची बाटली घेऊन म्हाताऱ्यांजवळ गेले, गुडघ्यांवर बसले, त्यांचं डोकं उचलायला वाकले. तोल गेला आणि माझा गाल फळीवर आदळला.

आणि मी तशीच राहिले.

लाकडातून काहीतरी येत होतं. आधी वाटलं, इंजिन. पण इंजिन तर बंद होतं. एक लांब घरघर, जड दार दगडावरून ओढत न्यावं तशी. ती वर वर चढत गेली आणि वासराच्या हंबरण्यासारखी झाली, मग आणखी वर, बारीक, दुखऱ्या शिट्टीसारखी, आणि तिथून एकदम खाली कोसळली. इतकी खाली, की शेवटचं कानाला कळलंच नाही, दातांना कळलं. मग थोडी शांतता. मग पुन्हा.

"सोमोए?" लोंगिनो मास्तर म्हणाले. "तुम्हाला काय झालं?"

मी त्यांचा सदरा धरून त्यांना खाली ओढलं. पाहुण्याशी असं वागत नाहीत. त्यांनी कान लावला. त्यांचा चेहरा मी माझ्या चेहऱ्यासमोर, वीतभर अंतरावर पाहत होते. आधी त्यांच्या कपाळाला आठी पडली. मग ती आठी सुटली आणि तोंड उघडं राहिलं.

"हे काय आहे?"

"न्यांगुमी," किब्वाना मागून म्हणाला. पाना हातात तसाच धरून तो उभा होता. "देवमासा. या महिन्यांत ते इकडून जातात." तो पाना खाली ठेवून आला, फळीला कान लावला आणि बराच वेळ उठला नाही. उठला तेव्हा त्याचा आवाज बदललेला होता. "लहान असताना बापाबरोबर शिडावर यायचो. मचव्यातच निजायचो. तेव्हा हा आवाज उशाला असायचा. मला वाटलं होतं, मी ते स्वप्नात ऐकलंय."

मी इथे जन्मले. देवमाशाचा फवारा लांबून कितीदा तरी दाखवलाय लोकांना, तो बघा, तो बघा, फोटो काढा. पण दर वेळी पायाखाली इंजिन धडधडत असायचं. आमच्या खाली गाणं चाललंय हे मला कुणी सांगितलं नव्हतं, आणि मी विचारलंही नव्हतं.

एकेक जण खाली उतरला. थोड्या वेळात मचव्यात उभं असं कुणीच उरलं नाही. सगळे गुडघ्यांवर, डोकी खाली, लाईफ जॅकेटं वर, फळ्यांना कान लावून. बायका, पुरुष, मळमळणारे, न मळमळणारे. ओकारी विसरली गेली होती. एक मच्छीमार आपली छोटी होडी वल्हवत जवळून चालला होता. त्याने हे दृश्य बघून वल्हं थांबवलं.

"काय रे किब्वाना! सगळ्यांची एकदम पोटं दुखतायत का? काय खायला घातलंस?"

"तोंड बंद कर," किब्वाना हळूच म्हणाला, "आणि कान लाव."

त्या माणसाने आधी आमच्याकडे, मग आपल्या होडीच्या तळाकडे पाहिलं. आणि आडवा झाला. त्याची होडी लाटेवर रिकामी असल्यासारखी डुलत राहिली.

"कडवी आहेत," लोंगिनो मास्तर कुजबुजले. "ऐका. घरघर, हंबर, शिट्टी, मग तीन ठोके. आता परत घरघर येईल." आणि आली. "देवा रे. परत पहिल्यावर आला. याला चाल आहे. कुणी बसवलीये ही?"

"शूऽऽ," बिबी म्हणाली.

म्झे ओस्मुंड मात्र एकटे उताणे पडले होते. डोक्याचा मागचा भाग फळीवर घट्ट दाबून, डोळे आकाशाकडे. इतकी वर्षं कुठेतरी बंद असलेला माणूस दाराशी आल्यासारखा दिसत होता. त्यांचे ओठ हलत होते. हाताची बोटं छातीवर ताल धरत होती, आणि लोंगिनो मास्तर ज्या ठोक्यांबद्दल बोलले होते, बरोबर त्याच ठोक्यांवर पडत होती. कुणी सांगितलेलं त्यांना ऐकू आलेलं नव्हतं.

किती वेळ गेला सांगता येणार नाही. मग आवाज बारीक होत गेला. शिट्टी आली ती फार लांबून आल्यासारखी, आणि विरली.

"गेला," कुणीतरी म्हणालं.

म्झे ओस्मुंड उठून बसले. "वर येतोय," ते म्हणाले. आमच्यापैकी कुणाला उद्देशून नव्हे, असंच. "एवढं लांब गायल्यावर श्वास नको घ्यायला?"

आम्ही कडेला जमलो. किब्वाना ओरडला, "सगळे एका बाजूला नको! बसा!" आम्ही बसलो. पाणी तसंच होतं, निळं, संथ, रिकामं. मग मचव्यापासून थोड्याच अंतरावर एक तुकडा फिकट हिरवा होऊ लागला. खालून कुणी दिवा वर आणावा तसा तो मोठा होत गेला, आमच्या मचव्याएवढा, मग मचव्याहून मोठा. आणि समुद्र फाटला.

आधी श्वास आला. बंद खोलीचं दार फोडावं तसा आवाज, आणि पाण्याचा खांब, आणि त्याचे तुषार आमच्या सगळ्यांच्या अंगावर, कोमट, शिळ्या माशांच्या वासाचे. मग पाठ. काळी, ओली, तिच्यावर शिंपल्यांचे पुंजके, खडकासारखे. ती येतच राहिली. मला वाटलं आता संपेल, आता संपेल, आणि ती सरकतच होती, घाई न करता, जणू आम्ही तिथे नव्हतोच. पाण्याखाली त्याचा लांब पांढरा पर आमच्या बाजूला पसरलेला दिसत होता. मनात आणलं असतं तर त्याने आम्हाला हळदीच्या बोटासारखं पुसून टाकलं असतं.

"सुभानल्ला," किब्वाना म्हणाला. बायकांनी छातीवर क्रूस काढला. एक माणूस, लिंडीला मोठ्या आवाजात गाऊन आलेला दांडगा बाप्या, लहान पोरासारखा हुंदके देत होता आणि त्याची त्यालाच लाज वाटत नव्हती.

तीनदा श्वास घेतला त्याने. मग पाठीची कमान झाली आणि शेपटी वर आली, दोन दारांएवढी, तिच्या कडांवरून पाणी पडद्यासारखं ओघळत. ती क्षणभर तशीच उभी राहिली आणि आवाज न करता बुडाली. जिथे बुडाली तिथे पाणी तेल ओतल्यासारखं गुळगुळीत राहिलं.

आम्ही श्वास सोडला. आणि पायाखालच्या फळ्या पुन्हा घुमू लागल्या.

बिबी स्कोलास्टिका रडत होती, हसत होती. तिने नवऱ्याचं डोकं दोन्ही हातांत धरलं, आपलं कपाळ त्यांच्या कपाळावर धाडकन आपटलं आणि सवयीने ओरडली, "ऐकलंत? कांदिदुसचे बाबा, ऐकलंत का?"

म्हाताऱ्याने तोंड वाकडं करून मान मागे घेतली. "ओरडतेस कशाला? एवढी जवळ बसलीयेस तर."

तिने त्यांच्याकडे पाहिलं, मग सावकाश, दिव्यावर झुकावं तसं, कपाळ पुन्हा त्यांच्या कपाळाला लावलं. या वेळी ती काय म्हणाली ते आम्हाला कुणाला ऐकू आलं नाही. तिचे ओठ जेमतेम हलले. म्झे ओस्मुंडच्या चेहऱ्यावर जे आलं त्याला मी नाव देऊ शकत नाही. ते म्हणाले, "हो. हो. तेसुद्धा ऐकलं." आणि मग, "परत बोल."

ती परत बोलली. खूप वेळ बोलली. आम्ही समुद्राकडे बघायचं सोंग केलं.

मग लोंगिनो मास्तर पुढे सरकले. चाळिशी ओलांडलेला माणूस, पण शाळेत उशिरा आलेल्या पोरासारखा उभा होता. "बिबी, मी?" ती बाजूला झाली. त्यांनी गुरूच्या कपाळाला कपाळ लावलं, डोळे मिटले आणि ओठ बंद ठेवूनच सूर धरला. लिंडीच्या मेळ्यात त्यांनी गायलेलं गाणं होतं, हे मला मागाहून कळलं. एक ओळ झाली. दुसरीच्या मध्यावर म्हातारा आत आला.

मी त्यांना दिवसभर कुजबुजतानाच ऐकलं होतं. हा आवाज त्या वाळक्या अंगात कुठे ठेवलेला होता? जाड, खोल, थोडा गंजलेला, पण सरळ. बाकीचे एकेक करून त्यात मिसळले, हळूच, त्यांच्यावर भार पडणार नाही असे. वर ही मंडळी गात होती, आणि माझा हात फळीवर होता, फळीखाली तो. दोघांचा सूर जुळत होता असं मी म्हणणार नाही. त्याला आमची खबरही नसेल. पण हाताला दोन्ही एकदम लागत होते.

गाणं संपलं. म्हातारा बरोबर सगळ्यांबरोबर थांबला.

किब्वानाने घसा साफ केला. "इंजिन केव्हाच नीट झालंय," तो म्हणाला. "पण आता सोंगो म्नाराला गेलो तर परतताना अंधार होईल. बोला."

मी माफी मागू लागले. अर्ध्या बेताचे पाहुणे मी कधी परत नेले नव्हते. "तिथे मोठं शहर होतं," मी म्हटलं, "महाल, तटबंदी, दगडी..."

"दगड थांबतील गं," बिबी म्हणाली. "ते काय, कुठे जातायत? हा जाणार आहे."

मग आम्ही तिथेच थांबलो. नारळाच्या दुधातला भात आणि ऑक्टोपस थंडच खाल्ला, एका हाताने, कारण दुसरा हात सगळ्यांनी फळीवर ठेवला होता. "हा जातो कुठे?" त्यांनी विचारलं. दक्षिणेला, बर्फाकडे, मी सांगितलं. "आणि गातो कुणासाठी?" किब्वाना म्हणाला की मादीसाठी, असं लोक म्हणतात. "लोक काहीही म्हणतात," बिबी म्हणाली, "पण हे मला पटतं."

आवाज लांब लांब जात बंद झाला तेव्हा किब्वानाने इंजिन लावायच्या ऐवजी शीड उभारलं. वारा बरा होता. कुणी घाई केली नाही.

मासोकोच्या धक्क्यावर बस उभी होती. म्झे ओस्मुंड उतरले, टोपी झटकली आणि माझ्याकडे आले. मला वाटलं निरोप घेतील. त्यांनी माझा हात धरला.

"पोरी," ते म्हणाले, पुन्हा त्या हळू आवाजात, "मी चुकीचं बोललो होतो. तो बास नव्हता. बास मी होतो. आयुष्यभर वाटायचं, सगळ्यांच्या खाली मी, माझ्या खाली जमीन." त्यांनी मान हलवली. "खाली अजून किती आहे गं."

मी काही म्हणाले, पण ते त्यांना ऐकू गेलं नसणार. बस धूळ उडवत निघून गेली.

नाताळच्या सुमाराला लोंगिनो मास्तरांचा फोन आला. मिशनच्या दवाखान्यात म्झेंचे कान दाखवले होते. डॉक्टर म्हणाला, कानातलं एक लहानसं हाड घट्ट बसलंय, म्हणून हवेतून आलेला आवाज आत जात नाही, डोक्याच्या हाडातून आलेला जातो. दार-एस-सलामला नेलं तर इलाज होईल. पण म्झे म्हणतात, आधी कॉफीची तोडणी होऊ दे.

"आणि गाणं?" मी विचारलं.

"दर रविवारी. माझ्या शेजारी उभे राहतात, माझ्या डोक्याला डोकं लावून. मला हात हलवायलाही जागा उरत नाही. पोरंसोरं हसतात."

"म्झेंना वाईट नाही वाटत?"

"विचारलं मी. म्हणाले, हसू दे की. मला कुठे ऐकू येतंय."